इतवारीतील चार रिळे: मारबतीच्या एका खासगी चित्रीकरणाचा शोध, कालनिश्चिती आणि जतन

तान्ह्या पोळ्याच्या दिवशी नागपुरात निघणाऱ्या मारबतीच्या, म्हणजे पीडा घेऊन जाणाऱ्या बाईच्या मोठ्या पुतळ्याच्या, मिरवणुकीवर एक माहितीपट तयार होत होता आणि त्यासाठी जुन्या चित्रीकरणाचा शोध घेण्याचे काम आमच्याकडे होते. काळी मारबत १८८१ पासून आणि पिवळी मारबत १८८५ पासून निघते, असे शहरात परंपरेने सांगितले जाते. मारबतींसोबत जे बडगे निघतात, त्यांत त्या त्या वर्षी लोकांना जे काही छळत असेल त्याचे पुतळे असतात, मग ती महागाई असो, रोगाची साथ असो किंवा एखादा सरकारी निर्णय असो. 'इडा, पिडा, रोगराई घेऊन जा गे मारबत' अशी हाळी देत हे पुतळे जुन्या वस्तीतून फिरवले जातात आणि शेवटी जाळले जातात. दरवर्षीचा पुतळा त्याच दिवशी राख होत असल्यामुळे छायाचित्र किंवा चित्रफीत नसेल तर त्या वर्षाचा बडगा कसा होता हे पुढच्या पिढीला कळण्याचा दुसरा मार्ग उरत नाही. माहितीपटाच्या दृष्टीने जुने चित्रीकरण शोभेसाठी नको होते. तोच या विषयाचा मुख्य पुरावा होता.

हे प्रकरण सविस्तर नोंदवण्याचे कारण असे की जुने फुटेज शोधणे हे संशोधकाचे काम आणि ते जपणे हे संग्रहालयाचे काम, अशी जी विभागणी आपल्याकडे गृहीत धरली जाते, ती प्रत्यक्षात टिकत नाही. घरातली एखादी पेटी वर्षानुवर्षांनंतर उघडली जाते ती माहितीपटवाल्यांसाठी, आणि पुष्कळदा त्यांच्यानंतर ती पुन्हा कोणी उघडत नाही. तेव्हा जपणुकीची जबाबदारी पेटी उघडणाऱ्यावरच येते आणि तिचा खर्च पहिल्या अंदाजपत्रकातच धरावा लागतो.

शोधाची दिशा

शोधाची सुरुवात सरकारी संग्रहांपासून झाली. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनची वृत्तचित्रे अनेक दशके देशभरातील चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी दाखवली जात, आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून कार्यरत आहे. आता या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या आहेत. परंतु वृत्तचित्रांचा कॅमेरा नागपुरात कशासाठी येणार, याचा आधी विचार केला तर अपेक्षा मर्यादित ठेवाव्या लागतात. जानेवारी १९५९ च्या काँग्रेस अधिवेशनासारखा प्रसंग, एखाद्या मंत्र्याचा दौरा किंवा उद्घाटन ही त्या कॅमेऱ्याची ठिकाणे होती. जागनाथ बुधवारीच्या गल्लीतून निघणारी मिरवणूक ही त्याच्या दृष्टीने बातमी नव्हती. सूचींमधून आमच्या उपयोगाचे काही निघाले नाही.

म्हणून शोध वस्तीकडे वळवला. सीताबर्डी आणि महालातील जुने फोटो स्टुडिओ, प्रोजेक्टर दुरुस्त करणारे कारागीर, जुन्या सामानाचे व्यापारी आणि मारबत मंडळांतील वयस्कर मंडळी यांच्याकडे चौकशी केली. जुन्या सामानाच्या बाजारातली माहिती निराशाजनक होती. काळ्या-पांढऱ्या फिल्मच्या थरात चांदी असते आणि ती काढून घेण्यासाठी आपल्या देशात असंख्य रिळे विकली गेली. उरलेल्या पट्टीच्या बांगड्याही झाल्या. दुवा मिळाला तो प्रोजेक्टरच्या एका कारागिराकडून. इतवारीतील एका सराफ कुटुंबाचा सोळा मिलिमीटरचा प्रोजेक्टर आपण फार पूर्वी दुरुस्त केला होता, एवढेच त्यांना आठवत होते.

त्या घरात माळ्यावरच्या लाकडी पेटीत पत्र्याचे चार डबे होते. प्रत्येकात शंभर फुटांचे सोळा मिलिमीटरचे एक रीळ होते आणि शेजारी ज्या कॅमेऱ्याने ते चित्रित झाले तो चावीचा कॅमेराही होता. चित्रीकरण घरातल्या आजोबांनी हौसेखातर केलेले होते आणि आजोबा हयात नव्हते. आजींना पेटीची माहिती होती आणि तिच्याविषयी तक्रारही होती. 'पेटी उघडली की आंबट वास येते जी, लोणच्याची बरणी सांडली का काय असं वाटे,' असे त्या म्हणाल्या. जाणकाराला हे एक वाक्य पुरेसे आहे.

रिळांची अवस्था

सोळा मिलिमीटरची फिल्म सहज पेट घेणाऱ्या नायट्रेटवर निघत नसे, त्यामुळे आगीचा तो विशिष्ट धोका येथे नव्हता. (पस्तीस मिलिमीटरच्या जुन्या नायट्रेट फिल्मचा धोका किती मोठा असतो, हे ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात लागलेल्या आगीने दाखवून दिले आहे.) आमच्या रिळांचा आधार ॲसिटेटचा होता आणि कडेला 'सेफ्टी' ही अक्षरेही छापलेली होती. उष्णता आणि दमट हवा यांमुळे ॲसिटेटचे विघटन सुरू झाले की त्यातून ॲसेटिक आम्ल, म्हणजे व्हिनेगरमधले आम्ल, बाहेर पडू लागते आणि तेच आम्ल पुढच्या विघटनाला गती देते. बंद पत्र्याच्या डब्यात ही वाफ कोंडली जाते, म्हणजे ज्या डब्याने फिल्म सुरक्षित राहील असे वाटते तोच तिचा नाश लवकर घडवतो. नागपूरच्या मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या पुढे जातो आणि त्यानंतर लगेच पावसाळा येतो. छताखालच्या माळ्यावर कित्येक वर्षे हे चक्र सोसलेल्या फिल्मला वास येणे अपेक्षितच होते.

पहिल्या दिवशी एकही रीळ उलगडले नाही. आम्लाची पातळी दाखवणारी कागदी पट्टी प्रत्येक डब्यात ठेवून झाकण एक दिवस बंद ठेवले. ही पट्टी निळ्याची हिरवी आणि हिरव्याची पिवळी होत जाते; तिचे मोजमाप शून्यापासून तीनपर्यंत असते आणि दीडच्या आसपास विघटन स्वतःच्या जोरावर वेग घेऊ लागते. तीन रिळांत पट्टी एक आणि दीडच्या मध्ये थांबली. चौथ्यात ती जवळजवळ पिवळी झाली आणि त्याचे वेटोळे एकमेकांना चिकटल्याचे बाहेरूनच दिसत होते. त्या चौथ्या रिळाला त्याच दिवशी इतरांपासून वेगळे केले, कारण एका रिळाची वाफ दुसऱ्याला बाधते.

पुढची तपासणी आकसण्याची. सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात चाळीस फ्रेम असतात, म्हणून नव्या फिल्मच्या शंभर फ्रेमची लांबी ७६२ मिलिमीटर भरते. दुसऱ्या रिळाच्या शंभर फ्रेम सपाट टेबलावर, सुती हातमोजे घालून, पोलादी पट्टीशेजारी ठेवून मोजल्या तेव्हा त्या ७५५ मिलिमीटर भरल्या. म्हणजे फिल्म सुमारे ०.९ टक्के आकसली होती. एवढ्या फरकाने प्रोजेक्टरचे दात छिद्रांत नीट बसत नाहीत आणि छिद्रे फाटू लागतात. कुटुंबातील तरुण मंडळींची साहजिक इच्छा अशी होती की दुरुस्त करून ठेवलेल्या प्रोजेक्टरवर एकदा तरी रीळ लावून पाहावे. मोजलेले आकडे त्यांच्यापुढे ठेवल्यावर त्यांनी तो आग्रह सोडला. जुनी फिल्म 'एकदाच पाहू' म्हणून लावणे हे तिच्या नाशाचे सर्वांत सामान्य कारण आहे, आणि हे फिल्म सांभाळणाऱ्या प्रत्येक घराला कळायला हवे.

येथे आणखी एक गोष्ट महत्त्वाची होती. ही रिळे रिव्हर्सल पद्धतीची होती. कॅमेऱ्यात जी पट्टी गेली तीच धुऊन थेट पाहण्याजोगी झाली होती; मागे कोठे निगेटिव्ह नव्हती आणि दुसरी प्रतही नव्हती. काही वर्षांपूर्वी कुटुंबाने एक रीळ शहरातल्या एका दुकानातून सीडीवर उतरवून घेतले होते. त्या वेळी तुटलेल्या जागा साध्या चिकटपट्टीने जोडल्या गेल्या आणि तिचा डिंक शेजारच्या फ्रेमवर पसरला. सीडीवरची माणसे धावताना दिसत, कारण ते चित्रीकरण ज्या गतीने झाले त्यापेक्षा कितीतरी वेगाने उतरवले गेले होते.

वर्ष कोणते?

दुसऱ्या आणि तिसऱ्या रिळात मारबत होती. डब्यांवर वर्ष लिहिलेले नव्हते. माहितीपटात 'साठच्या दशकातील दृश्य' एवढे लिहून भागले असते, असे दिग्दर्शकांचे मत होते. मला ते मान्य नव्हते. मारबतीचा बडगा त्या वर्षाच्या दुःखावर बोलतो. वर्षच माहीत नसेल तर तो कशावर बोलतो आहे हे प्रेक्षकाला कसे कळणार?

पहिला पुरावा फिल्मच्या कडेवर होता. कोडॅक कंपनी आपल्या फिल्मच्या कडेला चौकोन, वर्तुळ, त्रिकोण अशा खुणा छापत असे आणि त्यांवरून फिल्म कोणत्या वर्षी तयार झाली हे ठरवता येते. मात्र या खुणा वीस वर्षांनी पुन्हा येत, आणि त्या फिल्म बनवल्याचे वर्ष सांगतात, चित्रीकरणाचे नव्हे. आमच्या रिळावरच्या खुणेतून १९४२ किंवा १९६२ अशी दोन वर्षे निघत होती.

दुसरा पुरावा स्वतः बडग्याने दिला. तिसऱ्या रिळात एका बडग्यावर कॅमेरा इतर कशाहीपेक्षा अधिक वेळ थांबतो. पुतळ्याच्या गळ्यात मोठाले दागिने आहेत आणि डोक्यावरच्या फळ्याचा अर्धाच भाग वाचता येतो: '१४ कॅरेट'. मिरवणूक पाहणाऱ्या आजच्या माणसाला यातून काही बोध होणार नाही, परंतु सराफ्यात हे शब्द अजून जिवंत आहेत. जानेवारी १९६३ मध्ये केंद्र सरकारने सुवर्ण नियंत्रणाचा आदेश काढला आणि चौदा कॅरेटपेक्षा शुद्ध सोन्याचे नवे दागिने घडवण्यावर बंदी आली. देशभरातील सोनारांचा रोजगार त्यामुळे बुडाला. चौदा कॅरेटचे बंधन १९६६ मध्ये उठले. चित्रीकरण करणारे आजोबा स्वतः सराफ होते. कॅमेरा तेथेच का रेंगाळला याचे उत्तर त्यातच आहे. चावी दिल्यावर अर्धा-पाऊण मिनिट चालणारा कॅमेरा त्यांनी त्या एका बडग्यासाठी पुन्हा चावी देऊन चालवला, हे दृश्य मध्येच थांबून पुन्हा सुरू होते त्यावरून स्पष्ट दिसते.

अशा रीतीने १९४२ बाद झाले आणि १९६३ ते १९६६ ही कक्षा उरली. पार्श्वभूमीला चित्रपटाचा एक मोठा फलक आहे. त्यावर फार विसंबलो नाही, कारण आपल्याकडे जुने चित्रपट वर्षानुवर्षे फिरून लागत. फलकावरून फार तर 'याच्या आधी नाही' एवढेच म्हणता येते. आजींना विचारले तेव्हा त्यांनी क्षणभरही विचार न करता 'नेहरू गेले त्याच वर्षी' असे सांगितले. पंडित नेहरूंचे निधन २७ मे १९६४ रोजी झाले. फिल्म १९६२ ची आणि चित्रीकरण १९६४ चे, यात विसंगती नाही, कारण त्या काळात परदेशी फिल्म सहज मिळत नसे आणि हौशी माणूस ती पुरवून पुरवून वापरत असे. तरीही माणसाची आठवण आणि छापील खूण यांना सारखे वजन देणे योग्य झाले नसते. म्हणून नोंदीत असे लिहिले: 'चित्रीकरण १९६३ ते १९६६ या काळातील, कौटुंबिक आठवणीनुसार १९६४ चे.' माहितीपटातील पाटीवरही हेच शब्द, काटछाट न करता, घ्यायचे ठरले.

वर्षाच्या या निश्चितीसाठी डबे आणि त्यांवरची दुकानाची चिठ्ठी यांचाही उपयोग झाला, तर चित्रीकरणाची गती ठरवण्यासाठी कॅमेऱ्याचा. कॅमेऱ्याची गतीची चकती सेकंदाला सोळा फ्रेमवर होती. चकती नंतर कोणी फिरवली असण्याची शक्यता होती, म्हणून स्कॅन झाल्यावर तेच दृश्य सोळा, अठरा आणि चोवीस अशा तिन्ही गतींनी चालवून ढोल वाजवणाऱ्याच्या हाताकडे पाहिले. सोळावर तो हात माणसाचा वाटला. शंभर फुटांत चार हजार फ्रेम असतात. सोळाच्या गतीने त्याची चार मिनिटे दहा सेकंद होतात आणि दूरचित्रवाणीच्या पंचवीसच्या गतीने दोन मिनिटे चाळीस सेकंद. सीडीवरची माणसे का धावत होती, हे यावरून उमगते. डबे गंजलेले असल्याने ते टाकून द्यावेत अशी घरातल्यांची सूचना होती. ते टाकले नाहीत, फक्त फिल्म त्यांतून काढून हवा खेळती राहील अशा पुठ्ठ्याच्या नव्या डब्यांत ठेवली.

स्कॅनिंग आणि प्रती

आकसलेल्या फिल्मसाठी दात नसलेल्या, केवळ रुळांवरून फिल्म नेणाऱ्या स्कॅनरची गरज होती आणि ती सोय मुंबईत होती. रिळे कुरियरने पाठवली नाहीत. हिवाळ्यात, विदर्भ एक्स्प्रेसच्या वातानुकूलित डब्यातून, हातातल्या पेटीत नेली. स्थानकावरच्या क्ष-किरण तपासणीची कुटुंबाला भीती वाटत होती. धुतलेल्या फिल्मला त्याने अपाय होत नाही, न धुतलेल्या फिल्मला होतो.

दुरुस्तीत जुन्या चिकटपट्ट्या काढून फिल्मसाठीच्या पट्टीने नवे जोड दिले. स्कॅन टू-केमध्ये (म्हणजे सुमारे दोन हजार बिंदू रुंदीच्या चित्रात), प्रत्येक फ्रेमची स्वतंत्र फाइल करून घेतले. अशी एक फाइल जवळपास पावणेतेरा मेगाबाइटची होते, म्हणजे शंभर फुटांचे एक रीळ पन्नास गिगाबाइटच्या थोडे वर जाते. या मूळ फाइलींवर रंग, उजेड, ओरखडे यांची कोणतीही दुरुस्ती केली नाही. संकलनासाठी वेगळी प्रत, कुटुंबासाठी मोबाइलवर दिसेल अशी वेगळी प्रत, आणि मूळ फाइलींच्या तीन प्रती: एक नागपुरात, एक मुंबईत, एक चुंबकीय टेपवर. प्रत्येक फाइलची चेकसम (फाइलमधल्या मजकुरावरून काढलेला पडताळणीचा आकडा) नोंद केली आहे, म्हणजे वर्षाकाठी तपासताना एखादी फाइल बिघडली असल्यास ते लगेच कळते. हार्ड डिस्क कपाटात ठेवून दिली की काम झाले, हा समज फिल्मच्या बाबतीतल्या माळ्यासारखाच घातक आहे.

हक्क आणि वापर

रिळे ज्याच्या ताब्यात असतात त्याच्याकडेच त्यांचे हक्क असतात असे नाही. १९५७ च्या प्रताधिकार कायद्यानुसार चित्रफितीचा प्रताधिकार ती प्रकाशित झाल्याच्या पुढील वर्षापासून साठ वर्षे राहतो. घराबाहेर कधीच न दाखवलेल्या या रिळांच्या बाबतीत ती मुदत सुरूच झालेली नव्हती आणि आजोबांचा हक्क सर्व वारसांकडे आलेला होता. इतवारीतल्या घराने होकार दिला म्हणजे पुरे, असे मानून काम पुढे नेले असते तर दुसऱ्या शहरांत राहणाऱ्या वारसांवर अन्याय झाला असता. सर्वांच्या सह्या घेण्यात बराच काळ गेला. करार एकाच माहितीपटापुरता, अनन्य हक्क न मागता केला. मूळ रिळे आणि स्कॅनच्या फाइली दोन्हींवर मालकी कुटुंबाचीच राहिली.

पहिल्या रिळात घरातील बायकांची आणि रामटेकच्या सहलीची दृश्ये आहेत. माजघरातली दृश्ये बाहेर दाखवू नयेत, असे आजींनी सांगितले आणि करारात तसे कलम घातले. त्या दृश्यांतला उजेड सुंदर आहे आणि दिग्दर्शकांना ती फार हवी होती. तरीही आजींचे म्हणणे योग्यच होते. घरच्यांसाठी केलेले चित्रीकरण जगासमोर आणण्याचा निर्णय त्यात दिसणाऱ्या माणसांनीच घ्यायचा असतो.

संकलनाच्या टप्प्यावर तीन मुद्द्यांवर चर्चा झाली. मूळ चित्र चारास तीन या प्रमाणात आहे आणि आजचा पडदा सोळास नऊचा. पडदा भरण्यासाठी चित्र वर-खाली कापले तर उंचीचा चौथा हिस्सा जातो, आणि या चित्रात तो हिस्सा म्हणजे नेमका बडग्याच्या डोक्यावरचा फळा. '१४ कॅरेट' हे शब्दच कापले गेले असते. तेव्हा बाजूला काळी जागा सोडून पूर्ण चित्र ठेवले. दुसरा मुद्दा आवाजाचा. फिल्म मूक आहे. तिच्यावर आजच्या मिरवणुकीतले ढोल आणि हाळ्या चढवल्या तर ते त्या दिवशी ध्वनिमुद्रित झाले असा समज होतो. त्याऐवजी आजींचे बोलणे त्या दृश्यांवर ठेवले. आज ज्याला नेहरू पुतळा चौक म्हणतात त्या भागात दोन्ही मारबती समोरासमोर येताना दिसतात आणि आजी तेथे कोण कोठे उभे होते ते सांगतात. एवढा आवाज त्या दृश्याला पुरला. रंग भरण्याची सूचनाही आली होती, ती लगेच बाजूला पडली. पिवळी मारबत पिवळी दिसावी हा मोह समजण्यासारखा आहे, पण कोणत्या छटेचा पिवळा, हे या फिल्मवरून सांगता येत नाही.

मूळ रिळे आता माळ्यावर नाहीत. ती दुहेरी बंद पिशव्यांत, सिलिका जेलसह, शीतकपाटात आहेत आणि बाहेर काढल्यावर खोलीच्या तापमानाला येईपर्यंत पिशवी उघडायची नाही, ही सूचना मराठीत लिहून झाकणावर चिकटवली आहे. ती पुण्याच्या संग्रहालयाकडे ठेव म्हणून द्यावीत का, यावर वारसांचा विचार चालू आहे. चौथे रीळ उलगडलेले नाही. त्यात काय आहे हे घरात कोणालाही आठवत नाही आणि चिकटलेले थर सोडवण्याचा प्रयत्न एकदाच करता येईल, म्हणून ते काम अशा रिळांचा अनुभव असलेल्या प्रयोगशाळेकडेच द्यायचे ठरले आहे.

माहितीपट दाखवला गेल्यावर इतवारीतूनच आणखी दोन घरांनी निरोप पाठवला. त्यांच्याकडे ऐंशीच्या आणि नव्वदच्या दशकातल्या मारबतीच्या व्हीएचएस कॅसेट आहेत, काहींच्या टेपवर बुरशीचे पांढरे ठिपके आहेत आणि नवे व्हीसीआर बनणे २०१६ मध्ये जगभर थांबले आहे. त्यामुळे तेथील कामाची सुरुवात चालू स्थितीतला प्लेअर शोधण्यापासून होणार आहे, आणि तोपर्यंत कॅसेट कोणीही लावून पाहू नये एवढे दोन्ही घरांना कळवले आहे.